पीट मॅराव्हिच व त्याची सरासरी

सरासरीचें गणित आमच्या विद्यार्थ्यांना लहान इयत्तेपासून येतें. एकंदर बेरजेस संख्येनें भागावें, कीं झालें. क्रिकेटमधील फलंदाजांच्या सरासऱ्या तर कित्येक मुलांना पाढ्यांपेक्षां अधिक मुखोद्गत असतात. बास्केटबॉलच्या खेळांतहि तोच हिशोब आहे : खेळाडूनें मिळविलेल्या गुणांस त्याच्या सामन्यांच्या संख्येनें भागलें म्हणजे त्याची सरासरी निघते. या खेळांतील ज्या खेळाडूचें चरित्र येथें सांगावयाचें आहे, त्याची विद्यापीठांतील सरासरी दर सामन्यास ४४.२ गुण अशी नोंदलेली आहे. पन्नासांहून अधिक वर्षें लोटलीं, तरी अमेरिकेंतील वरच्या वर्गाच्या विद्यापीठीय सामन्यांत ती कोणास गाठतां आलेली नाहीं. परंतु आंकड्यांच्या वहींत शेरे लिहिण्यास जागा नसते. ती जागा या लेखांत थोडीशी करावी, असा विचार आहे.

ज्या पालकांस हा खेळ परिचित नसेल त्यांच्यासाठीं दोन शब्द सांगणें अवश्य आहे. १८९१ सालीं अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांतील स्प्रिंगफील्ड गांवीं, यंग मेन्स ख्रिश्चन असोसिएशनच्या शिक्षणशाळेंत, जेम्स नेस्मिथ या शिक्षकांनीं तो काढला. हिवाळ्यांत बाहेर खेळतां येत नाहीं, म्हणून त्यांनीं पीच फळांच्या दोन टोपल्या उंच टांगल्या व मुलांस त्यांत चेंडू टाकावयास सांगितलें. आज टोपलीच्या जागीं लोखंडी कडें आलें आहे; तें जमिनीपासून दहा फूट उंच असतें. प्रत्येक बाजूस पांच गडी. चेंडू हातांत धरून धांवतां येत नाहीं, तो जमिनीवर आपटीत न्यावा लागतो. कड्यांतून चेंडू गेला कीं दोन गुण, व दंडाच्या फेंकीस एक. फार दुरून टाकलेल्या चेंडूस तीन गुण देण्याची चाल विद्यापीठांतून पुष्कळ उशीरां पडली. आमच्या चरित्रनायकाच्या विद्यार्थिदशेंत ती नव्हती, हें ध्यानांत ठेवावें. पांचांपैकीं जे दोघे चेंडू पुढें आणतात व इतरांस पुरवितात, त्यांस गार्ड म्हणतात. पंगतींत वाढणाऱ्याचें जें काम, तेंच गार्डचें : आधीं इतरांस वाढावें, मग आपण बसावें. पीट मॅराव्हिच हा गार्ड होता, आणि तरीहि सर्वांत अधिक गुण त्याचेच असत. या विसंगतींतच त्याचें सारें चरित्र सांठविलेलें आहे.

पीटर प्रेस मॅराव्हिच याचा जन्म २२ जून १९४७ रोजीं पेनसिल्व्हेनिया संस्थानांतील ॲलिक्विपा या गांवीं झाला. गांव पोलादाच्या कारखान्यांचें, वस्ती बहुतेक मजुरांची. त्याचें घराणें मूळचें सर्बियन; पोटासाठीं समुद्र ओलांडून आलेलें. त्याचे वडील लहानपणीं पिट्सबर्ग प्रेस नांवाचें वर्तमानपत्र विकीत, त्यावरून लोक त्यांस प्रेस म्हणूं लागले, व तेंच नांव पुढें कायम झालें. पोलादाच्या भट्ट्यांतून त्यांची सुटका बास्केटबॉलनें केली. ते १९४६-४७ च्या हंगामांत पिट्सबर्गच्या धंदेवाईक संघांत खेळले. परंतु त्या काळीं या धंद्यांत ना पैसा होता, ना कीर्ति. खेळाडू म्हणून जें आपणांस मिळालें नाहीं तें मुलास मिळावें, अशी इच्छा त्यांच्या मनांत मूळ धरून बसली. ते पुढें क्रीडाशिक्षक झाले, १९५६ पासून क्लेमसन विद्यापीठाचा संघ त्यांच्याकडे होता, आणि घरीं तर त्यांचा एकच विद्यार्थी होता.

या विद्यार्थ्याचा अभ्यासक्रम ऐकून आश्चर्य वाटतें. बोटांच्या टोंकांवर चेंडू नाचविणें, पाठीमागून व पायांखालून फिरविणें, डोळे बांधून आपटणें, असे अनेक प्रकार बापानें शोधून काढले व मुलानें ते घोटले. सायकलवर बसून एका हातानें चेंडू आपटीत पीट गांवांत जाई. चित्रपटगृहांत तो मधल्या वाटेलगतची खुर्ची पकडी, म्हणजे चित्रपट पाहतां पाहतां शेजारीं चेंडू आपटतां येई. वडील मोटार हांकीत, आणि हा मागच्या बाजूस पडून, दाराबाहेर हात काढून, धांवत्या रस्त्यावर चेंडू आपटी. वडील मोटारीचा वेग कमीजास्त करीत, त्याप्रमाणें हात चालवावा लागे. रात्रीं निजतांनाहि चेंडू बिछान्यांत असे. पुढें १९८७ मध्यें त्यानें हेच धडे चित्रपट्टीवर उतरवून दिले, आणि त्यांस नांव दिलें तें घरच्या अभ्यासाचेंच.

येथें पालकांनीं क्षणभर थांबावें. अशा अभ्यासाची स्तुति करावी कीं काय, याविषयीं माझा निश्चय होत नाहीं. बापाचें प्रेम खरें होतें, यांत शंका नाहीं. मुलासहि खेळ मनापासून आवडत होता. तथापि ज्या मुलास प्रेमाची व खेळाची भाषा एकच शिकविली जाते, त्यास खेळ थांबल्यावर कोणती भाषा बोलावयाची, हा प्रश्न त्या वेळीं कोणी विचारला नाहीं.

शाळेंत असतां पीट किरकोळ बांध्याचा होता. चेंडू कड्यापर्यंत पोंचविण्याइतका जोर दंडांत नसल्यामुळें तो कमरेजवळून फेंकी, जणूं कमरेचें पिस्तूलच काढीत आहे. यावरून त्यास पिस्तूल हें टोपणनांव पडलें. पुढें त्याची उंची सहा फूट पांच इंच झाली व फेंकण्याची रीतहि बदलली, पण नांव जन्मभर टिकलें.

१९६६ मध्यें प्रेस मॅराव्हिच यांस लुइझियाना राज्य विद्यापीठानें आपल्या बॅटन रूज येथील संघासाठीं बोलाविलें. पीटच्या मनांत वेस्ट व्हर्जिनियाच्या विद्यापीठांत जावें असें होतें. परंतु पित्याची इच्छा प्रबळ ठरली, व बाप-लेक एकाच ठिकाणीं आले. त्या काळच्या नियमाप्रमाणें पहिल्या वर्षाच्या विद्यार्थ्यास मुख्य संघांत घेत नसत. पीट कनिष्ठ संघांत खेळत असतां मुख्य संघानें २६ पैकीं केवळ ३ सामने जिंकले. लोक पीटचा खेळ पाहण्यास आधीं येत, आणि मुख्य सामना सुरू होण्याच्या सुमारास निघून जात, असें सांगतात.

पुढील तीन वर्षांचे आंकडे असे. १९६७-६८ मध्यें २६ सामने, १,१३८ गुण, सरासरी ४३.८. १९६८-६९ मध्यें २६ सामने, १,१४८ गुण, सरासरी ४४.२. १९६९-७० मध्यें ३१ सामने, १,३८१ गुण, सरासरी ४४.५. एकूण ८३ सामन्यांत ३,६६७ गुण. विद्यार्थ्यांनीं भागाकार करून पाहावा. १९७० च्या फेब्रुवारींत अलाबामाच्या विद्यापीठाविरुद्ध त्यानें एकट्यानें ६९ गुण केले, व तो सामना त्याचा संघ हरला. तीन वर्षांत अठ्ठावीस वेळां त्याचे गुण पन्नास वा त्याहून अधिक झाले. दुरून मारलेल्या त्याच्या कित्येक फेंकींस आजच्या नियमानें तीन गुण मिळाले असते, त्या काळीं दोनच मिळाले.

परंतु हिशोबाची दुसरी बाजूहि पाहिली पाहिजे. या तीन वर्षांत त्यानें कड्याकडे ३,१६६ वेळां चेंडू फेंकला, व त्यांपैकीं १,३८७ चेंडू आंत गेले. म्हणजे दर सामन्यास सुमारें अडतीस फेंकी, आणि शंभरांत चव्वेचाळीस सफल. कोणत्याहि दुसऱ्या शिक्षकाच्या हाताखालीं एका गार्डास इतके चेंडू फेंकण्याची मोकळीक मिळाली नसती. शिक्षक बाप होता म्हणून ती मिळाली. संघ मात्र पहिल्या वर्षीं १४ जिंकून १२ हरला. दुसऱ्या वर्षीं १३ जिंकून १३ हरला. तिसऱ्या वर्षीं २२ जिंकून १० हरला. राष्ट्रीय अजिंक्यपदाच्या स्पर्धेंत तर तो संघ एकदांहि गेला नाहीं. पीटचा खेळ केवळ गुणांचा होता असें समजणें अन्यायाचें होईल. न पाहतां, पाठीमागून, मनगटाच्या एका झटक्यानें तो सोबत्याकडे चेंडू पोंचवी. तो इतका अनपेक्षित येई कीं कित्येकदां सोबत्याच्याच तोंडावर आदळे. घोट्यावर लोळणारे राखी मोजे, डोळ्यांवर उडणारे केस, आणि हातांत जादू, असें तें ध्यान पाहण्यास खेड्यापाड्यांतून माणसें येत. हे सामने होत तें सभागृह मुळांत कृषिप्रदर्शनाचें, म्हणजे गुरांढोरांच्या मांडणीचें होतें, ही गंमतीची गोष्ट सांगितल्यावांचून राहवत नाहीं.

१९७० मध्यें धंदेवाईक खेळाडूंच्या वार्षिक निवडींत अटलांटाच्या हॉक्स संघानें त्यास तिसऱ्या क्रमांकावर घेतलें, व सुमारें एकोणीस लक्ष डॉलरांचा करार केला. त्या काळीं ही रक्कम अपूर्व होती. ज्या अनुभवी खेळाडूंनीं तो संघ घडविला होता त्यांचें वेतन याच्या पासंगासहि पुरत नव्हतें. जो कॅल्डवेल नांवाचा नामांकित खेळाडू तर बरोबरीचें वेतन मागून, तें न मिळाल्यामुळें, प्रतिस्पर्धी मंडळाच्या संघांत निघून गेला. राहिले त्यांच्या मनांत अढी राहिली. ज्यास वाढावयाचें त्यानें वाढलें तरी पंगतीचा राग त्याच्यावर, अशी स्थिति झाली. अटलांटा येथील चार हंगामांत त्याची सरासरी अनुक्रमें २३.२, १९.३, २६.१ व २७.७ होती; दुसऱ्या वर्षीं आजारानें पुष्कळ सामने बुडाले. अंतिम फेऱ्यांत संघ तीन वेळां पोंचला व तिन्ही वेळां पहिल्याच पायरीवर गळला.

१९७४ मध्यें न्यू ऑर्लिन्स येथें जॅझ नांवाचा नवा संघ निघाला. लुइझियानाच्या लोकांचा पीटवर जीव होता, म्हणून या संघानें दोन खेळाडू व पुढील वर्षांचे निवडीचे अनेक हक्क अटलांटास देऊन त्यास परत आणलें. इतकें देऊन बसल्यावर संघांत दुसरें बळ तें काय उरणार? पहिल्या वर्षीं ८२ सामन्यांत ५९ पराभव झाले. त्या हंगामाच्या आरंभींच, ऑक्टोबर १९७४ मध्यें, मद्याच्या व्यसनानें व विषण्णतेनें ग्रासलेल्या त्याच्या मातेनें आपल्या जीवनाचा अंत करून घेतला. त्या वर्षाची सरासरी २१.५ अशी नोंदली आहे. मागील वर्षाहून ती सहा गुणांनीं घसरली, एवढेंच वहींत दिसतें.

पीट स्वतःहि विद्यार्थिदशेपासून मद्याच्या आहारीं गेला होता, हें लपविण्यांत अर्थ नाहीं. त्यानें स्वतःच्या आत्मचरित्रांत तें लपविलेलें नाहीं.

१९७६-७७ चा हंगाम हा त्याच्या कीर्तीचें शिखर होय. ७३ सामन्यांत २,२७३ गुण, सरासरी ३१.१, त्या वर्षीं साऱ्या मंडळांत त्याहून मोठी सरासरी कोणाची नव्हती. २५ फेब्रुवारी १९७७ रोजीं न्यूयॉर्कच्या संघाविरुद्ध त्यानें ६८ गुण केले. त्याच्यावर पहारा करण्यास ज्यांना ठेविलें होतें त्यांत वॉल्ट फ्रेझर यांच्यासारखा त्या काळचा अग्रगण्य रक्षक होता. गार्डनें एका सामन्यांत इतके गुण तोंपर्यंत कधीं केले नव्हते. तरीहि हंगामाच्या अखेरीस संघाचे ३५ जय व ४७ पराजय झाले, व अंतिम फेऱ्यांत प्रवेश मिळाला नाहीं. न्यू ऑर्लिन्सच्या पांच वर्षांत तो एकदांहि मिळाला नाहीं.

१९७८ च्या जानेवारीअखेर, उडी घेऊन पायांखालून चेंडू फेंकीत असतां, तो वांकडा पडला व त्याचा गुडघा दुखावला. चेंडू सोबत्यापर्यंत बिनचूक गेला होता. त्या वर्षीं ५० सामन्यांत सरासरी २७.० राहिली, पुढल्या वर्षीं ४९ सामन्यांत २२.६. गुडघ्यास पट्टा बांधून तो खेळे, पण पूर्वीची उडी व वळण परत आलें नाहीं. १९७९ मध्यें जॅझ संघ न्यू ऑर्लिन्स सोडून यूटा संस्थानांत गेला. तेथील नव्या शिक्षकानें त्यास बांकावर बसविलें. कित्येक सामने असे गेले कीं एकेकाळीं ज्याच्यासाठीं तिकिटें खपत, तो मनुष्य गणवेश घालून नुसता पाहत बसे. सतरा सामन्यांनंतर, जानेवारी १९८० मध्यें, संघानें त्यास मोकळें केलें.

यानंतर जें घडलें त्यावर मी पुष्कळ वेळां विचार केला आहे. बॉस्टनच्या सेल्टिक्स संघानें त्यास बोलाविलें. हा नामांकित संघ. त्यांत लॅरी बर्ड हा नवा तेजस्वी खेळाडू त्याच वर्षीं आला होता. संघानें त्या हंगामांत ६१ सामने जिंकले. पीट तेथें थोडा वेळ, दुसऱ्यांच्या विश्रांतीपुरता खेळे. २६ सामन्यांत त्याची सरासरी ११.५ झाली. धंदेवाईक जीवनांतील ही त्याची सर्वांत लहान सरासरी, आणि ज्या संघांत ती झाली तो त्याच्या जन्मांतील सर्वांत चांगला संघ. जो मनुष्य दहा वर्षें एकट्याच्या बळावर एक विजेतेपद शोधीत होता, त्यास येथें केवळ आपल्या वांट्याचें काम करावयाचें होतें. त्याच वर्षीं या मंडळानें तीन गुणांची दूरची रेषा सुरू केली. पीटनें यूटा व बॉस्टन मिळून तीवरून पंधराच वेळां चेंडू फेंकला, त्यांत दहा आंत गेले. रेषा आली तेव्हां फेंकणारा जावयास निघाला होता. संघ उपांत्य फेरींत फिलाडेल्फियाकडून हरला. १९८० च्या शरद ऋतूंत, नव्या हंगामाच्या तोंडावर, पीटनें खेळ सोडला. पुढील वसंतांत बॉस्टननें अजिंक्यपद मिळविलें. आणखी सात-आठ महिने तो थांबता तर! त्याच्या नांवावर ६५८ सामने, १५,९४८ गुण, व २४.२ ही सरासरी राहिली.

तेहतिसाव्या वर्षीं तो घरीं बसला. कुटुंब होतें, पैसा होता, पण सकाळीं उठून काय करावें हें कळेना. दोन वर्षें तो लोकांत फारसा आला नाहीं. आहाराचे निरनिराळे नियम त्यानें पाळले, आपल्या देशांतील योगाभ्यासहि करून पाहिला, आकाशांतील अज्ञात यानांच्या वार्ताहि श्रद्धेनें वाचल्या. कोठेंच चित्त स्थिर होईना. चेंडू हाच आपला देव होता व तो आपणांस सोडून गेला, अशा अर्थाचें त्यानें पुढें लिहिलें. १९८२ च्या नोव्हेंबरांत, एका रात्रीं झोंप येत नसतां, केलेल्या चुका डोळ्यांपुढून जाऊं लागल्या, आणि त्यानें गुडघे टेकून प्रार्थना केली. त्या रात्रीपासून तो ख्रिस्ताचा अनुयायी झाला. मद्य सुटलें. मुलांसाठीं तो उन्हाळी शिबिरें भरवूं लागला. तेथें चेंडूचे जुने खेळ शिकवी, व आपली हकीकतहि कांहीं न लपवितां सांगे.

बाप-लेकांमध्यें मधल्या काळांत पुष्कळ कटुता आली होती. ती आतां गेली. प्रेस मॅराव्हिच यांस कर्करोग झाला, तेव्हां पीटनें त्यांची शुश्रूषा केली. शेवटीं शेवटीं तो लहान मुलाप्रमाणें त्यांस सांभाळी. एप्रिल १९८७ मध्यें ते वारले. त्यानंतर थोड्याच दिवसांनीं पीटचा या खेळाच्या स्मृतिमंदिरांत, स्प्रिंगफील्ड येथें, समावेश झाला. त्या सन्मानाची ज्यांनीं आयुष्यभर वाट पाहिली होती ते तेवढे सभेंत नव्हते.

५ जानेवारी १९८८ रोजीं सकाळीं कॅलिफोर्नियांतील पॅसाडीना येथें, एका चर्चच्या व्यायामशाळेंत, कांहीं स्नेह्यांबरोबर तो सहज खेळत होता. त्या दिवशीं नभोवाणीवर त्याचें भाषण व्हावयाचें होतें. गुण कोणी मोजीत होतें कीं नाहीं कोण जाणे. खेळ थोडा थांबला असतां बोलतां बोलतां तो एकाएकीं खालीं कोसळला व पुन्हां उठला नाहीं. वय चाळीस वर्षांचें होतें. शवपरीक्षेंत असें आढळलें कीं, हृदयास रक्त पुरविणाऱ्या दोन मुख्य रोहिण्यांपैकीं डावी रोहिणी त्यास जन्मापासूनच नव्हती. एकट्या उजवीनें दोघींचें काम चालविलें होतें. असा मनुष्य धांवपळीचा खेळ खेळून विशी ओलांडीत नाहीं, असें वैद्यांस वाटे. हा विद्यापीठाचे ८३ व धंद्याचे ६५८ सामने खेळला होता.

त्याच्या ३,६६७ या आंकड्याची पुढें मोठी परीक्षा झाली. २०२३ मध्यें डेट्रॉइटचा अँटवान डेव्हिस हा पांच वर्षांत १४४ सामने खेळून ३,६६४ गुणांवर थांबला, आणि मार्च २०२४ मध्यें आयोवा विद्यापीठाची केटलिन क्लार्क हिनें मुलींच्या खेळांत तो आंकडा ओलांडला. पीटचे सामने ८३ च होते. १९८८ मध्येंच बॅटन रूज येथील विद्यापीठाच्या मोठ्या क्रीडागृहास त्याचें नांव देण्यांत आलें. त्याचा खेळ पाहण्यास जमणारी गर्दी जुन्या गुरांच्या सभागृहांत मावेना, म्हणून तें बांधावयाचें ठरलें होतें. परंतु तें उघडलें १९७२ मध्यें, आणि विद्यापीठाचा एकहि सामना त्यास तेथें खेळावयास मिळाला नाहीं.